ब्रिसूचा डावा पाय

आबा साळोखे कुठेही गेले तरी आधी भिंत शोधायचे. जर्मनीत वोल्फ्सबुर्गच्या आमच्या मोटार कारखान्याचं कँटीन एवढं मोठं, की पलीकडच्या टोकाचा माणूस ओळखू येत नाही. तिथे दुपारी बाराला शेकडो माणसं जेवत असतात. आबा मात्र ट्रे हातात धरून त्या एका कोपऱ्यातल्या भिंतीकडेच जायचे. तिथे कुणी बसलेलं असलं तर पाच-सात मिनिटं उभे राहायचे, सूप निवलं तरी चालेल, पण मधल्या टेबलावर बसायचे नाहीत. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, "माझ्या पाठीमागं फक्त गोलपोस्ट पाहिजे. माणूस नको."

कोल्हापूरच्या एका पेठेतल्या तालमीच्या संघात ते बचावाला खेळत असत. तालीम म्हणजे कुस्तीची, एवढंच माझ्या पुणेरी डोक्यात होतं. कोल्हापुरात तालमीचा फुटबॉलचा संघही असतो, दोन पेठांची मॅच असली की घराघरांतली जेवणं लवकर उरकतात आणि हरलेल्या पेठेत दोन दिवस कुणी कुणाशी धड बोलत नाही, हे सगळं मला आबांनी शिकवलं. तिशीत जर्मनीत आले, ते थेट आमच्या ब्रेक चाचणी विभागात, आणि निवृत्त होईपर्यंत तिथून हलले नाहीत. आधी गोल अडवला, मग गाड्या अडवल्या, जन्मभर दुसरा उद्योग केला नाही, असं मी त्यांना चिडवायची. ते "गेनाऊ" म्हणायचे. हो, बरोबर, बघू, आता गप्प बस, या सगळ्याला त्यांच्याकडे गेनाऊच होतं, आणि ते कोल्हापुरी हेल काढून म्हणत.

ठेंगणे, रुंद खांद्यांचे, डोक्यावर केस कमी आणि भुवया मात्र भरघोस. काकू जाऊन सहा वर्षं झाली होती. मुलगी म्युनिकला, ती फोनवर सगळं मराठी समजून घेई आणि उत्तर जर्मनमध्ये देई. आबांना त्याचं वाईट वाटायचं, पण ते तसं म्हणायचे नाहीत. "कळतंय ना तिला, मग झालं," एवढंच.

त्यांची आणखी एक सवय होती, आणि तिच्यापायी माझं त्यांच्याशी कडाक्याचं भांडण झालं होतं. जर्मन ऑफिसात एखादा रजेवर असला, की त्याच्या वतीने दुसरा सही करतो. नावाआधी 'च्या वतीने' अशा अर्थाची दोन अक्षरं घातली की काम भागतं. आबा मात्र कुणाच्या वतीने सही करायचे नाहीत आणि स्वतःच्या वतीने कुणाला करू द्यायचे नाहीत. ज्या चाचणीला स्वतः उभे नव्हते, त्या कागदाला हात लावायचे नाहीत. मी नवी असताना ते फ्लूने आडवे झाले, अहवाल शुक्रवारी जायचा होता, आणि मी त्यांच्या वतीने सही ठोकून तो पाठवून दिला. सोमवारी आले, कागद पाहिला, आणि चाचणी पुन्हा लावली. दोन दिवस गेले. साहेबांची बोलणी मला बसली. आकडे पहिल्यासारखेच आले. मी तणतणत विचारलं, काय मिळवलंत? ते म्हणाले, "आता ते माझं हाय." मला त्यांचा इतका राग आला होता, की महिनाभर मी त्यांच्याशी कामापुरतंच बोलले.

समेट झाला तो माझ्या फ्रेंचमुळे. आमच्या पुण्यात मार्कांसाठी फ्रेंच घेण्याची पद्धत आहे. मी शाळेत घेतलं, पुढेही रेटलं, आणि नशिबाने आले जर्मनीत. त्या फ्रेंचचा मला कवडीचा उपयोग झाला नव्हता. एक दिवस आबा आपणहून माझ्या टेबलाशी आले आणि जुनं फ्रेंच वर्तमानपत्र वाचता येईल का, असं त्यांनी विचारलं.

आबांच्या खालच्या मजल्यावर फ्राऊ हार्टविग नावाच्या बाई राहायच्या. चौऱ्याऐंशी वर्षांच्या, जन्माने फ्रेंच, साठ वर्षांपूर्वी लग्न होऊन इथे आलेल्या, आता एकट्या. त्यांच्या पाण्याच्या बाटल्यांचे क्रेट आबा दर शनिवारी वर आणून देत आणि रिकाम्या बाटल्या दुकानात परत करत. बदल्यात त्या केक देत आणि आजोबांच्या गोष्टी सांगत. त्यांचे आजोबा ऑनोरे ब्रिसू हे पहिल्या महायुद्धाच्या आधीच्या काळातले फ्रान्सचे बचावपटू. उत्तर फ्रान्समधल्या एका गिरणीच्या गावातला कारकून. बेल्जियमविरुद्ध देशाकडून एक सामना, एकच. त्याचं कात्रण बाईंच्या बैठकीच्या खोलीत चौकटीत लावलेलं होतं: अकरा नावं, डाव्या बाजूच्या बचावाला 'ब्रिसू'. पंच्याऐंशीव्या वाढदिवसाला फ्रान्सहून सगळी नातवंडं येणार होती. आजोबांच्या कारकिर्दीवर दोन पानं लिहून मिळाली तर त्यांना वाचून दाखवीन, अशी बाईंची इच्छा होती. फुटबॉल आबांना कळत होता, फ्रेंच मला. त्यांनी शब्द देऊन टाकला होता, माझ्यासकट.

फ्रान्समधली जुनी वर्तमानपत्रं आता इंटरनेटवर पाहायला मिळतात. मग आमचे शनिवार त्यात जाऊ लागले. आबांच्या स्वयंपाकघरात मी लॅपटॉप उघडायची, ते रश्श्याला फोडणी द्यायचे आणि पाठमोरे राहूनच प्रश्न विचारायचे. मला वाटलं होतं, दोन पानांत काय, जन्म, सामने, मृत्यू, संपलं. आबांचे प्रश्नच वेगळे. तो चेंडू लांब मारायचा की जवळ द्यायचा? पुढच्याला खांदा कुठल्या बाजूने लावायचा? पावसात कसा खेळायचा?

त्या काळी मागे दोघेच असत, हे त्यांनी मला बटाट्याच्या फोडी मांडून दाखवलं. एक गोलरक्षक, दोन बचाववाले, मध्ये तीन आणि पुढे पाच. पाच जण अंगावर येणार आणि अडवायला दोन. चेंडू कातड्याचा, भिजला की धोंड्यासारखा जड. बदली खेळाडू नाही. कुणी लंगडला तर लंगडत खेळायचं. आणि बातमीत नाव यायचं ते गोल करणाऱ्याचं. "बचाववाल्याचं नाव चुकल्यावरच छापत्यात," आबा म्हणाले. "न्हाई छापलं तर समजायचं, बरा खेळला."

तरीही आम्हाला ब्रिसू हळूहळू दिसू लागला. तो बुटका होता. डोक्यावर टोपी घालून खेळायचा आणि चेंडू डोक्याने मारायची वेळ आली की आधी टोपी काढायचा. तोवर चेंडू निघून जाई आणि लोक हसत. उजव्या पायाने मारलेला चेंडू एकदा मैदानाबाहेरच्या कोंबड्यांच्या खुराड्यात गेला होता. दहा वर्षांत त्याने एकही गोल केला नाही. एका बातमीदाराने तर लिहिलं होतं, की ब्रिसूला डावा पाय केवळ उभं राहण्यासाठी दिलेला आहे. हे वाचल्यावर आबा एवढे हसले, की रस्सा खाली लागला. मला त्या वेळी वाटलं, ब्रिसूला भेटल्यापासून हा माणूस जरा मोकळा झालाय.

मग बेल्जियमच्या सामन्याचा वृत्तान्त सापडला. बाईंकडचं कात्रण सामन्याच्या दिवशी सकाळचं होतं, त्यात जाहीर झालेला संघ होता. हा वृत्तान्त दुसऱ्या दिवशीचा, दुसऱ्या वर्तमानपत्रातला, चांगला लांबलचक. मी उत्साहाने वाचायला लागले. शेवटच्या मिनिटाला चेंडू गोलरेषेवर असताना उंचापुऱ्या ब्रिसूने आपला लांब डावा पाय घालून तो बाहेर काढला आणि फ्रान्सची लाज राखली. मी टाळ्या वाजवल्या. दोन पानांचा शेवट मिळाला होता.

आबांनी गॅस बंद केला आणि मला ते वाक्य पुन्हा वाचायला लावलं. मग तिसऱ्यांदा.

"ह्यो ब्रिसू न्हाई," ते म्हणाले.

मी वाद घातला. बातमीदार लांब बसला असेल, चिखल असेल, एखाद्या दिवशी माणूस डाव्या पायानेही खेळतो. आबा ऐकून घेत होते. शेवटी म्हणाले, "पाय बदलत न्हाई, मेधा. नाव बदलतंय." आणि त्या दिवशी ते माझ्याबरोबर जेवायला बसलेच नाहीत.

पुढच्या रविवारी त्यांनी मला कालव्याकाठी फिरायला बोलावलं. समोर कारखान्याच्या चार चिमण्या, काठावर सायकलवाले, आणि आबा नेहमीप्रमाणे माझ्या अर्धं पाऊल मागे. मग सांगितलं.

सतरा वर्षांचे असताना त्यांचा संघ कुमार गटाच्या राज्य स्पर्धेच्या अंतिम सामन्यात पोचला होता. आठवडाभर आधी आबांना कावीळ झाली. यादी आधीच गेलेली. नवं नाव घालता येत नव्हतं. ओळखपत्रावर फोटो लावायची पद्धत तेव्हा नव्हती. तालमीतल्या वडीलधाऱ्यांनी महादेव नावाच्या पोराला आबांच्या नावाने उभं केलं. महादेव शाळा सोडून लेथवर लागलेला, आणि स्पर्धा शिकणाऱ्या पोरांचीच, म्हणून त्याचं नाव कुठल्याच यादीत बसत नव्हतं. त्यात कुणाला काही वावगं वाटलं नाही. पेठेची अब्रू मोठी. महादेवने शेवटच्या क्षणी रेषेवरून चेंडू काढला. डाव्या पायाने. प्रमाणपत्र आलं ते 'सर्जेराव साळोखे' या, म्हणजे आबांच्या नावाचं. त्यावर खेळाडूंच्या राखीव जागेतून आबांना इंजिनिअरिंगला प्रवेश मिळाला. एरवी मिळाला नसता. मार्क तेवढे नव्हते. तिथून नोकरी, तिथून जर्मनी. महादेव जन्मभर कोल्हापुरात टर्नर राहिला.

"त्यानं कधी इचारलं न्हाई," आबा म्हणाले. "मी कधी सांगितलं न्हाई. पोरीला पण न्हाई. ते प्रमाणपत्र अजून हाय माझ्याकडं."

मला त्या सहीची आठवण झाली. मी तणतणत विचारलेला प्रश्नही आठवला आणि लाज वाटली. पण मी पडले पुणेकर. गप्प बसणं जमत नाही. म्हटलं, आबा, तेव्हा तुम्ही सतरा वर्षांचे होता, ठरवणारे दुसरेच होते. ते म्हणाले, सतरा वर्षांचा मी एकच वर्ष होतो. त्यानंतरची पंचेचाळीस वर्षं कोण ठरवत होतं?

आता प्रश्न फ्राऊ हार्टविगचा होता. वाढदिवस तीन आठवड्यांवर आला होता. त्यांच्या भिंतीवरची ती एकच गोष्ट होती, जिच्याकडे बोट दाखवून त्या सांगत, आम्ही कोण. ती काढून घ्यायची? मी आबांना म्हटलं, तो सामना गाळून टाकू, कोंबड्यांवर भागवू. त्यांनी मान हलवली. जे स्वतःला जमलं नाही, ते दुसऱ्याच्या आजोबांवर लादायला ते निघाले होते, असं मला तेव्हा वाटलं, आणि मी मनातल्या मनात त्यांना हट्टी म्हणून घेतलं. त्यांना खोटं पाडण्यासाठीच मी घरी बसून पुन्हा शोधू लागले.

सापडलं ते वेगळंच. त्या गिरणीच्या गावच्या स्थानिक वर्तमानपत्रात, सामन्यानंतर तीन आठवड्यांनी, कोपऱ्यात एक पत्र छापलेलं होतं. खाली सही ऑनोरे ब्रिसूची. गुडघा सुजल्यामुळे आपण त्या दिवशी गाडीतही बसलो नव्हतो. आपल्या जागी आणि आपल्या नावाने पिकार खेळला, जो गिरणीत रंगाऱ्याचं काम करतो. लोक रस्त्यात थांबवून आपलं अभिनंदन करतात, ते आपल्याला सहन होत नाही. ती शाबासकी पिकारची आहे आणि त्याला द्यावी, ही विनंती. एवढंच. त्यानंतर ब्रिसूला देशाच्या संघात कधी बोलावणं आलं नाही. गावच्या संघाकडून तो आणखी चार वर्षं टोपी घालून खेळला.

मी भाषांतर करून सोमवारी कँटीनमध्ये आबांच्या पुढे ठेवलं. त्यांनी वाचलं, घडी घातली, पुन्हा उघडून वाचलं.

"तीन आठवडं," ते म्हणाले. "तीनच आठवडं लागलं त्याला."

फ्राऊ हार्टविगना त्यांनी वाढदिवसाच्या आधीच सांगितलं, नातवंडांसमोर धक्का नको म्हणून. मी पत्र मुळातून वाचून दाखवायला बरोबर होते. बाईंनी कॉफी ओतली, केक कापला, आणि आबा आपल्या सरळ, ओबडधोबड जर्मनमध्ये बोलत गेले. मी पत्र वाचलं. बाई ताठ बसून ऐकत होत्या. बाहेर कुणीतरी सायकल लावत होतं, त्याचा आवाज येत होता.

मग त्या म्हणाल्या, "आजोबा त्या सामन्याबद्दल कधीच बोलत नसत. विषय निघाला की उठून बागेत जात. आम्ही त्याला विनय समजत आलो."

त्या रडतील अशी मला भीती होती. त्या रडल्या नाहीत. ते पत्र मोठं करून छापून मिळेल का, असं त्यांनी मला विचारलं. कात्रणाच्या शेजारी लावायचं होतं. पिकारला मुलंबाळं होती का, हेही विचारलं. मग आबांकडे वळल्या आणि म्हणाल्या, आल्झो, बरं तर, हेर साळोखे, शंभर वर्षं आमच्या घरात कुणाला कळलं नाही, ते तुम्हाला नुसतं वाचून कसं कळलं?

आबांनी माझ्याकडे एकदा पाहिलं. आणि जे मुलीला सांगितलं नव्हतं, ते या परक्या भाषेत, या म्हाताऱ्या बाईला, काविळीपासून प्रमाणपत्रापर्यंत सगळं सांगितलं. शेवटी बाईंनी फक्त विचारलं, तो माणूस जिवंत आहे का? आबा म्हणाले, आहे. "मग तुम्ही माझ्याकडे काय करताय?" बाई म्हणाल्या, आणि त्यांच्या बशीत केकचा दुसरा तुकडा वाढला.

वाढदिवस थाटात झाला. दोन पानांची तीन पानं झाली होती. टोपीच्या गोष्टीला नातवंडं खूप हसली आणि पत्राच्या वेळी खुर्च्या पुढे ओढून ऐकू लागली. पुढच्या महिन्यात आबा निवृत्त झाले आणि तिकीट काढून कोल्हापूरला गेले. मीच त्यांना स्टेशनवर सोडलं. प्रमाणपत्र प्लास्टिकच्या पिशवीत घालून कोटाच्या आतल्या खिशात ठेवलेलं होतं, आणि पाच मिनिटांत तीनदा चाचपून झालं होतं.

आठवड्याने त्यांचा फोन आला. आवाज पडलेला होता. महादेवने दारात उभं करून ऐकून घेतलं होतं आणि संतापला होता. पंचेचाळीस वर्षं सुखात होतास, आता झोप येईना म्हणून तुझं ओझं माझ्या उंबऱ्यावर आणून टाकतोस? असं म्हणाला होता. प्रमाणपत्राला त्याने हातसुद्धा लावला नाही. मला वाटलं, संपलं. आबा चार दिवसांत परत येतील आणि पुन्हा भिंत शोधतील. पण आबा निघताना महादेवने एक अट घातली होती. मला एकट्याला सांगू नकोस, मला माहीत आहे. पेठेला माहीत नाही. पेठेसमोर सांग.

त्यानंतर आबांची माझी भेट नाही. ते वोल्फ्सबुर्गला आले ते घर रिकामं करून चाव्या द्यायला, आणि तेव्हा नेमकी मी पुण्यात होते. घरातली कपबशी त्यांनी फ्राऊ हार्टविगकडे ठेवली आणि पाण्याच्या क्रेटचं काम माझ्या गळ्यात घातलं. ते मी अजून करते. दर शनिवारी क्रेट ठेवताना भिंतीवर कात्रण आणि पत्र शेजारी शेजारी दिसतात. खरं सांगायचं तर आधी पत्राकडेच लक्ष जातं.

मी त्यांना शेवटचं पाहिलं ते तालमीतल्या कुणीतरी फोनवर काढलेल्या आणि त्यांनी मला पाठवलेल्या तीन मिनिटांच्या चित्रफितीत. मी ती कँटीनमध्ये, त्यांच्याच कोपऱ्यात बसून पाहिली. कोल्हापूरचं मैदान, भर दुपारचं ऊन, दोन पेठांची मॅच सुरू व्हायची आहे. पायऱ्यांवर झेंडे आणि माणसंच माणसं. समालोचकाच्या टेबलाशी आबा उभे आहेत. हातात माईक. आधी शिट्ट्या येतात, मॅच सुरू करा म्हणून ओरडा होतो. आबा थांबत नाहीत. सामना कुठला, साल कुठलं, कावीळ, यादी, सगळं सांगतात, आणि म्हणतात, "त्या दिवशी मी घरात अंथरुणावर हुतो. चेंडू महादेवनं काढला. नाव माझं लागलं, आणि मी ते वापरलं." शिट्ट्या कमी होत जातात. टाळ्या मात्र कुणी वाजवत नाही.

आबा माईक ठेवतात. काय करावं ते त्यांना कळत नाही, हे त्या लहानशा पडद्यावरही दिसतं. मैदानाच्या कडेला, सगळ्यांत पुढच्या बाकावर एक उंच, वाळका म्हातारा बसलेला आहे. तो आबांकडे बघत नाही, मैदानाकडेच बघतो. पण बसल्या बसल्या थोडासा बाजूला सरकतो. आबा जातात आणि त्या जागेत बसतात. पंचाची शिट्टी होते. दोघे मॅच बघतायत, आणि आबांच्या पाठीमागे अख्खी पेठ बसलेली आहे.